वरातीतला शॉट

"ही बाई माझ्या गळ्याकडे का बघते, ते एकदा विचारा तिला," नरहरपंत म्हणाले. सकाळपासून ते मला हे तिसऱ्यांदा सांगत होते.

मी विचारलं नाही. दुभाष्याचं निम्मं काम न बोलण्यात असतं, एवढी अक्कल मला त्या पंधरवड्यात आली होती. मी ओदिलकडे वळून फ्रेंचमध्ये म्हटलं, की पंतांना तुमची शाल आवडली. ती गोड हसली आणि पंतांकडे पाहून तिने मान लववली.

"म्हणजे उत्तर द्यायचं नाही, नुसतं हसायचं," पंत म्हणाले. "बरं आहे. आपल्याकडच्या नट्याही असंच करतात."

हे सगळं पाचगणीला, एका जुन्या पारशी बंगल्याच्या व्हरांड्यात चाललं होतं. नव्वदच्या दशकाची अखेर होती. मी पुण्यात कॉलेजला फ्रेंच शिकवत होते. एक फ्रेंच चित्रपट इथे चित्रित व्हायचा होता, त्यांना मराठी जाणणारी बाई हवी होती, आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत पेपर तपासण्यापेक्षा काहीही बरं, म्हणून मी गेले. पंत मला 'मास्तरीणबाई' म्हणायचे. सुरुवातीला राग यायचा, नंतर आवडायला लागलं.

चित्रपटाची गोष्ट साधी होती. फ्रान्सहून एक आई येते. तिची मुलगी हिंदुस्थानात भटकायला आली होती, ती इथेच तापाने गेली. शेवटचे काही महिने ती ज्या घरात राहिली, त्या घराचा मालक म्हणजे एक निवृत्त शाळामास्तर. तो आईला मुलीचं सगळं सांगतो, पण मराठीत. तिला मराठी येत नाही, त्याला फ्रेंच येत नाही. तो सांगतो, ती ऐकते, मग ती बोलते. हा सगळा प्रसंग एका सलग शॉटमध्ये घ्यायचा होता, आणि चित्रपट त्याच एका शॉटवर उभा होता.

आईचं काम ओदिल व्हेर्नेय करत होती. साठी उलटलेली, सडपातळ, केस पांढरे आणि अगदी आखूड. समुद्रकाठच्या एका गावात मासे डबाबंद करण्याच्या कारखान्यात तिचे वडील कामाला होते. तिथून ती एकोणिसाव्या वर्षी पॅरिसला पळाली. चार-दोन चित्रपटांत गाजली, मग लोक तिला विसरले. पुढे चाळिशीत तिला टेलिव्हिजनवर एका मालिकेत न्यायाधीशाचं काम मिळालं आणि ती मालिका इतकी वर्षं चालली की घराघरात ती माहेरच्या माणसासारखी झाली. रस्त्यात बायका तिला थांबवून नवऱ्याच्या तक्रारी सांगायच्या. पण टेलिव्हिजनचा शिक्का एकदा बसला की सिनेमावाले उंबऱ्यात उभं करत नाहीत, हे तिथेही आपल्यासारखंच. मालिका संपल्यावर ती घरी बसली होती. दिग्दर्शक रेमी पस्तिशीचा होता. त्याच्या आईने ती मालिका एकही भाग न चुकवता पाहिलेली. निर्मात्यांशी भांडून त्याने ओदिलला घेतलं होतं, आणि आता त्याला घाम फुटला होता.

कारण ओदिल चुकत होती. पंतांचं बोलणं संपलं की तिने बोलायचं, एवढंच होतं. पण तालमीत पंत ऐन वाक्यात असताना ही सुरू व्हायची. नाहीतर पंत केव्हाच थांबलेले, आणि ही आपली बघत उभी. स्वतःची वाक्यं तिला चोख पाठ होती, पण ती नेमक्या वेळी बाहेर येत नव्हती. युनिटमध्ये कुजबुज सुरू झाली, की बाईचं वय झालं, डोकं चालत नाही.

पंतांचाही यात हातभार होताच. मास्तरचं काम करणारे नरहरपंत खांबेटे मूळचे सांगलीचे, आयुष्य रंगभूमीवर गेलेलं. लिहून दिलेलं वाक्य तसंच्या तसं म्हणणं म्हणजे त्यांना दुसऱ्याच्या ताटात जेवल्यासारखं वाटायचं. प्रत्येक तालमीत ते पदरचं काहीतरी घालत. कधी मुलीच्या तापाला दोन वाक्यं जास्त, कधी वैद्याला चार शिव्या. मी रेमीला सांगायचे, तो हताश होऊन हात हलवायचा. त्याला पंतांचं हे आवडतही होतं, हीच पंचाईत होती.

मला मात्र रेमीने पहिल्याच दिवशी सक्त ताकीद दिली होती. पंत काय बोलतात त्यातला एक शब्दही ओदिलला सांगायचा नाही. तिला अर्थ कळला तर तिचा चेहरा समजल्यासारखा होईल, आणि त्याला तो तसा नको होता. मी ते पाळत होते.

त्यात आणखी एक प्रकार चालू होता. ओदिल पंतांची पाठ सोडत नव्हती. सकाळी न्याहारीला त्यांच्या समोरचीच खुर्ची धरायची. ते टेबललँडवर फिरायला निघाले की ही निघाली. पंत वेटरला झापत असोत, घोडेवाल्याशी हुज्जत घालत असोत किंवा जुन्या नाटकाचे किस्से सांगत असोत, ही समोर बसून टक लावून बघायची. एक अक्षर कळत नसताना. पंत विधुर होते. चार दिवसांनी त्यांच्या सदऱ्याला कडक इस्त्री दिसू लागली, मग अत्तराचा वास यायला लागला.

"मास्तरीणबाई," एकदा ते मला बाजूला घेऊन म्हणाले, "तिला जरा समजावून सांगा. आमचं आता वय राहिलं नाही."

मी गंभीरपणे मान डोलावली. खोलीत गेल्यावर उशीत तोंड खुपसून हसले.

शॉटच्या आदल्या दिवशी दुपारी रेमीने ओदिलला व्हरांड्यात गाठलं. मी शेजारीच होते. तो वाईट मुलगा नव्हता, बोलताना त्याचा आवाज कापत होता. पॅरिसहून फोन आला होता. उद्याच्या दिवसात हा शॉट झाला तर ठीक, नाहीतर निर्माते दुसरी नटी पाठवणार होते. तिच्याशी बोलणंही झालं होतं. ओदिलने सगळं त्याच्या तोंडाकडे बघत ऐकून घेतलं आणि म्हणाली, "उद्या होईल."

संध्याकाळी तिने मला बंगल्याच्या पायरीवर बोलावलं. मी तिच्या शेजारी बसायला गेले, तर तिने माझे खांदे धरून मला समोरच्या पायरीवर बसवलं, तोंड उजेडाकडे करून. ती नेहमीच मला असं बसवायची. मला वाटायचं, सिनेमावाल्यांची सवय असेल.

"मला ऐकू येत नाही, विनया," ती म्हणाली.

मला आधी समजलंच नाही. मी म्हटलं, "काय ऐकू येत नाही?"

"काहीच नाही. डावा कान फार पूर्वी गेला. उजव्यात आता नुसती गुणगुण राहिली आहे. तू बोलतेस ते मी तुझ्या ओठांवर वाचते. अंधार पडला की तू माझ्यासाठी मुकी होतेस."

मग तिने सगळं सांगितलं. ऐकू येणं कमी व्हायला लागलं ते मालिकेच्या मधल्या वर्षांत. पण न्यायाधीश उंचावर बसतो आणि जो तो त्याच्या समोर उभा राहून, उजेडात, तोंड वर करून बोलतो. तिला ते वरदानच होतं. सगळा देश म्हणायचा, ही बाई आरोपीचं किती मन लावून ऐकते. ती म्हणाली की दुसरा इलाजच नव्हता, एक क्षण नजर हलली असती तर वाक्य गेलं असतं. पण ते फ्रेंच ओठ होते. इथे भाषा परकी, आणि त्यातून पंतांच्या झुबकेदार मिशा. ओठ दिसायचेच नाहीत.

"म्हणून गळ्याकडे बघता?" मी विचारलं.

"बोलणं संपवताना माणूस श्वास सोडतो, आवंढा गिळतो, काहीतरी करतो. हा माणूस कधी गिळतो, कधी गिळत नाही. दोन आठवडे मी त्याला सकाळ-संध्याकाळ बघते आहे. तो कुठे संपतो ते मला अजून सापडलेलं नाही."

मला पंतांचं अत्तर आठवलं. मी म्हटलं, रेमीला सांगून टाका, तो समजून घेईल.

"समजून घेईल, रडेल, आणि मग विमानाचं तिकीट काढेल. त्याच्या हातात नाही ते. बहिऱ्या नटीचा विमा कोणी उतरवत नाही." ती म्हणाली, "चाळीस वर्षं मी हेच केलं आहे. मला दुसरं काही येत नाही. स्वयंपाकसुद्धा नाही."

आमच्यात ठरलं ते असं. पंतांच्या मागे व्हरांड्याचा खांब होता, त्याच्या आडोशाला मी उभं राहायचं. पंतांचं बोलणं खरोखर संपलं की उचललेला हात खाली सोडायचा. नाटकात प्रॉम्प्टर असतो तशी मी, फक्त मुकी. रेमीच्या नियमात तेही बसत होतं, अर्थ मी सांगणार नव्हतेच. रात्रभर मला स्वप्नात पंत दिसले. ते बोलतच होते आणि माझा हात वरच राहिला होता.

सकाळी जाऊन बघते तर कॅमेरा हललेला. कॅमेरामनला उजेड आवडला नव्हता, म्हणून त्याने चौकट बदलून दोघांना बाजूने टिपायचं ठरवलं होतं. माझा खांब आता ऐन चित्रात येत होता. रेमीने टाळ्या वाजवून सगळ्यांना कॅमेऱ्यामागे जायला सांगितलं. मी दोन पावलं टाकून थबकले. ओदिलने मला पाहिलं, खांब पाहिला, कॅमेरा पाहिला. तिने शाल सारखी केली आणि आपल्या जागी जाऊन उभी राहिली. कॅमेऱ्यामागून मी तिच्या नजरेच्या टप्प्यात कुठेच नव्हते. आता सरळ रेमीला सांगून टाकावं असं दहादा मनात आलं. पण ते माझं गुपित नव्हतं.

शॉट सुरू झाला. पंतांनी सुरुवात झकास केली. पोर कशी आली, कुठल्या खोलीत राहिली. मग लगेच पदरचं सुरू झालं, ती चुलीशी बसून भाकरी थापायला कशी शिकली, हाताला चटके बसले तरी उठेना. संहितेत चूलच नव्हती. ओदिल ऐकत होती.

आणि खालच्या रस्त्यावर बँड वाजायला लागला.

प्रॉडक्शनच्या माणसांनी रस्ता दोन्हीकडून अडवला होता. ट्रक थांबले होते, एसटी थांबली होती. पण नवरदेवाला कोण थांबवणार? मुहूर्त जवळ आलेला, घोडा सजलेला, मामा लोक आधीच तापलेले. अडवायला गेलेल्या पोरांना बाजूला सारून वरात सरळ चढावर आली. पिपाण्या, ताशे, मोठा ढोल, सगळं बंगल्याच्या फाटकाशी. साउंडवाल्याने दोन्ही हातांनी कानावरचा हेडफोन ओढून काढला. रेमी ओरडला, "कट!" आपलं नव्हे, त्यांचं फ्रेंच कट, 'कुपे'. पंतांना एव्हाना फ्रेंचमधला तेवढा एकच शब्द कळायला लागला होता. ते बोलता बोलता आमच्याकडे वळले. रेमी पुन्हा ओरडला. पंतांनी मग ओदिलकडे पाहिलं.

ती हललीच नव्हती. त्यांच्या चेहऱ्यावरून तिची नजर निघाली नव्हती. पुढचं ऐकायला ती उभी होती.

पंत पुन्हा बोलायला लागले.

फाटकाशी कोणीतरी फटाक्यांची माळ लावली. आम्ही सगळे दचकलो, एक पोरगी चक्क खाली बसली. ओदिलची पापणी लवली नाही. तेव्हा रेमीच्या ध्यानात आलं. मी त्याच्याकडेच बघत होते, त्याचं तोंड उघडं राहिलं. कॅमेरामनचा हात बटणाकडे गेला, तो रेमीने मनगटात धरला आणि तसाच धरून ठेवला.

पुढचं मला ऐकू आलं नाही. कोणालाच आलं नाही. बँडवाले सगळी छाती लावून वाजवत होते आणि त्या आवाजाच्या भिंतीपलीकडे दोन म्हातारी माणसं उभी होती. पंत काय बोलत होते देव जाणे. ते आता हातवारे करत नव्हते, आवाज फेकत नव्हते. त्यांचा चेहरा मी कधी न पाहिलेला झाला होता. एकदा ते थांबले. हात अर्धवट उचललेला, मान खाली. मला वाटलं संपलं, आता ही बोलणार. मी असते तर बोलले असते. ओदिल बोलली नाही. ती थांबली. थोड्या वेळाने पंतांनी मान वर केली आणि ते पुन्हा बोलले. अगदी थोडंसं, दोनतीन शब्दच असतील. मग ते थांबले. ते थांबणं आधीच्या थांबण्यासारखंच दिसत होतं. पण ओदिलने श्वास घेतला आणि ती बोलायला लागली.

तिला ते कसं कळलं, मला आजही सांगता येत नाही. गळा, श्वास, खांदे, मी आठवून आठवून पाहिलं, मला काहीही सापडलेलं नाही. मी देवळात फारशी जात नाही, पण त्या वेळी हात जोडावेसे वाटले, आणि कोण बघतंय याची फिकीर न करता मी ते जोडलेही.

तिचं बोलणं झालं. वरात वळणापुढे गेली, बँड विरत गेला. ती 'कुपे' हा शब्द कोणाच्या तरी ओठांवर दिसायची वाट बघत उभी राहिली. कोणीच बोललं नाही. मग तिने हळूच मान वळवली आणि आमचे सगळ्यांचे चेहरे पाहिले.

रेमी पुढे गेला. तिच्या अगदी समोर जाऊन उभा राहिला, आणि पहिल्यांदाच सावकाश, ओठ उघडून बोलला.

"मी थांबा म्हणून ओरडलो होतो. दोनदा."

"केव्हा?"

"सुरुवातीलाच. वरात आली तेव्हा."

ओदिलने फाटकाकडे पाहिलं. रस्त्यावर फटाक्यांचा लाल कागद पसरला होता.

"कसली वरात?" तिने विचारलं.

रेमीने त्या लाल कागदाकडे बोट दाखवलं. तिला सगळं समजलं. तिने शाल काढून घडी घातली, ती वेशभूषेच्या मुलीच्या हातात दिली आणि म्हणाली की ती सामान बांधायला घेते.

"पाच वाजता बागेतला प्रसंग आहे," रेमी म्हणाला. "तुम्ही त्यात आहात. पॅरिसशी मी बोलतो."

तो काय बोलला मला माहीत नाही. खोली बंद करून तासभर फोनवर होता, बाहेर आला तेव्हा कान लाल झाले होते. दुसरी नटी आली नाही.

इकडे पंत माझी बाही ओढत होते. काय चाललंय ते त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं. मी सांगितलं की बाईंना ऐकू येत नाही, अजिबात नाही. ते खुर्चीवर बसले.

"मग माझं एक अक्षरही तिला..."

"नाही."

पंत म्हणाले, "बँड सुरू झाल्यावर मी मास्तरचं सोडून दिलं हो. म्हटलं, कोणाला ऐकू जातंय. आमची ही गेली त्या दिवसाचं बोललो. आजवर कोणाशी बोललो नव्हतो. ती ज्या तऱ्हेनं उभी होती ना, मला थांबताच येईना."

त्या शॉटला आवाज नव्हता, नुसता बँड होता. रेमीने दुसऱ्या दिवशी पंतांना विनवलं, की मुंबईच्या स्टुडिओत बसून तेच शब्द पुन्हा म्हणा, ओठांना जुळवू. पंतांनी साफ नकार दिला. ते पुन्हा बोलणार नाही म्हणाले, आणि काय बोललो तेही सांगणार नाही. मी फ्रेंचमध्ये तो नकार जमेल तितका मऊ केला. रेमीने पुन्हा शॉट घ्यायचा विषयही काढला नाही. आता तो याचं काय करणार, हे कोणालाच समजत नव्हतं.

ओदिल पुढे दहा-बारा वर्षं काम करत राहिली, म्हातारपणीच तिचं नाव खरं मोठं झालं. करारात एकच अट असायची, की समोरच्याने समोर उभं राहून बोलावं. हे मला नंतर वाचायला मिळालं. पण मी सांगणार आहे ते त्याच्या आधीचं, पुढच्या वर्षीचं.

पुण्याला एका महोत्सवात तो चित्रपट लागला. मी पंतांना सांगलीहून बोलावून घेतलं. थिएटर कॉलेजच्या पोरांनी भरलेलं. पंत पडद्यावर आले तेव्हा शिट्ट्या झाल्या, ते खूश झाले. मग तो प्रसंग आला. पंत बोलायला लागले, पोर कशी आली, चुलीशी कशी बसली, आणि एकाएकी आवाज गेला. बँड नाही, फटाके नाहीत, पंत नाहीत. वाऱ्याची सळसळसुद्धा नाही. पडद्यावर पंतांच्या मिशा हलत होत्या आणि ओदिल त्यांच्याकडे बघत होती.

"आवाज!" मागून कोणीतरी ओरडलं. लगेच सगळीकडून सुरू झालं. आवाज, आवाज, ऑपरेटर झोपला का रे. पाय आपटले गेले, खुर्च्या वाजल्या. मी अंधारात पंतांकडे वळले. मला धास्ती होती, की ते उठून जातील. आयुष्यभर आवाजावर जगलेला माणूस, आणि त्याचाच आवाज काढून टाकला होता.

पंत उठले खरे. पण दाराकडे गेले नाहीत. पडद्याकडे पाठ करून, मागच्या रांगांकडे तोंड करून उभे राहिले. त्यांच्या मागे, त्यांच्याहून मोठे ते स्वतः बोलत होते, आणि ओदिल थांबली होती.

"ओरडू नका रे," पंत म्हणाले. "ती ऐकते आहे."